रीसेट मारून फोन विकला, आता तो माझंच खातं मागतोय

पाऊलवाट:

मंडळी, दोन दिवस झाले, जिवाला चैन नाही. जाणकारांनी मार्ग सुचवावा.

चार वर्षं वापरलेला माझा अँड्रॉइड फोन परवा विकला. फोन अगदी मंद झाला होता. सेटिंग उघडायलाही मिनिटभर लागायचं. म्हणून कुठेतरी वाचलं होतं तसं पॉवरचं आणि आवाज वाढवायचं बटण एकत्र दाबून तो काळा पडदा आणला आणि तिथूनच सगळं पुसून टाकलं. फोन परत चालू झाला, 'भाषा निवडा' असं आलं. मला वाटलं, झाला कोरा. सिम काढलं आणि फोन देऊन टाकला.

त्याच संध्याकाळी घेणाऱ्यांचा फोन आला. वायफाय जोडलं की 'या फोनवर आधी वापरलेल्या गुगल खात्याने साइन इन करा' असं येतं आणि पुढे काहीच करता येत नाही. माणूस सज्जन आहे, आवाज चढवून बोलले नाहीत. म्हणाले, "ताई, तुमचा ईमेल आणि पासवर्ड सांगा, मी टाकतो आणि विषय संपवतो." पासवर्ड अगदी ओठांवर आला होता. मग आठवलं, त्याच खात्यात दहा वर्षांचे फोटो आहेत, आईचे तपासण्यांचे अहवाल आहेत, बँकेच्या सगळ्या मेल तिथेच येतात. थोड्या वेळाने कळवते म्हणाले आणि फोन ठेवला.

मग घाबरून दोन गोष्टी केल्या. आधी पासवर्ड बदलला. मग कॉम्प्युटरवरून गुगल खात्यात जाऊन, 'तुमची डिव्हाइस' म्हणून यादी असते तिथून तो फोन काढून टाकला. यादीतून गेला म्हणजे सुटला असणार, असं धरून त्यांना कळवलं. नाही सुटला. तोच पडदा अजून येतोय.

त्यांनी पूर्ण पैसे दिलेत आणि त्यांच्या हातात बंद पडलेली वस्तू आहे. मला मनापासून वाईट वाटतंय. ते राहतात लांब, लगेच जाऊन भेटणं जमण्यासारखं नाही. पासवर्ड न देता हा फोन मोकळा करता येईल का? आणि सगळं पुसलेलं असताना फोनला माझं खातं आठवतं तरी कसं?

घरातला एक आयफोन आणि आईचा जुना फोन, हेही द्यायचे आहेत. ही चूक परत नको, म्हणून सविस्तर विचारते आहे.

कंदील:

पाऊलवाट, पासवर्ड दिला नाहीत हे फार चांगलं केलंत. पुढेही देऊ नका. समोरचा माणूस कितीही सज्जन असला तरी नको. पासवर्ड म्हणजे त्या फोनची किल्ली नव्हे, तुमच्या अख्ख्या घराची किल्ली आहे.

आता फोनला खातं का आठवतं ते सांगतो. अँड्रॉइड ५.१ पासून, म्हणजे २०१५ पासून, फॅक्टरी रीसेट प्रोटेक्शन नावाची सोय आली. लोक तिला एफआरपी म्हणतात. फोनच्या मेमरीत एक छोटासा वेगळा कप्पा असतो. हा फोन कुठल्या खात्याशी बांधलेला आहे, याची खूण त्यात ठेवलेली असते. बटणं दाबून केलेला रीसेट तुमचे फोटो, अ‍ॅप, मेसेज सगळं पुसतो, पण त्या कप्प्याला हात लावत नाही. आणि हे मुद्दाम तसं केलेलं आहे. चोरलेला फोन हाती आला की चोर आधी नेमकं हेच करतो. त्याला पडद्याचं लॉक उघडता येत नाही, म्हणून तो बटणं दाबून फोन पुसतो. फोनच्या दृष्टीने तुम्ही जे केलंत आणि चोर जे करतो, त्यात काहीच फरक नाही.

सेटिंगमधून रीसेट करताना मात्र फोन आधी तुमचा पिन किंवा पॅटर्न विचारतो. तो बरोबर दिला की फोनला कळतं, मालक स्वतः पुसतोय. मग तो ती खूणही काढून टाकतो. एकच काम, पण कुठल्या दारातून केलं त्यावर सगळं ठरतं.

डिव्हाइसच्या यादीतून फोन काढल्याने फक्त त्या फोनवरचं तुमचं लॉगिन संपतं. कुलूप गुगलच्या यादीत नाही, त्या फोनच्या पोटात आहे. तिथे बसून कॉम्प्युटरवरून ते निघत नाही.

पासवर्ड बदलल्यामुळे आणखी एक अडचण होऊ शकते. नुकताच बदललेला पासवर्ड अशा फोनवर चालवायचा तर २४ तास थांबावं लागतं, म्हणजे आज प्रत्यक्ष भेट झाली असती तरी कदाचित अडला असता.

पण एक वाट आहे. तो पडदा त्यांना नीट वाचायला सांगा. बऱ्याच फोनवर तिथे दोन पर्याय असतात: गुगल खात्याने साइन इन करा, किंवा फोनचा जुना पिन अथवा पॅटर्न द्या. पिन चालत असेल तर खात्याचा प्रश्नच उरत नाही. तुमचा पिन काय होता ते आठवतंय ना?

पाऊलवाट:

आठवतंय. पण पिन दिला तर त्यांना माझं काही दिसेल का?

कंदील:

फोन आतून रिकामा आहे, त्यामुळे त्या फोनवर दिसण्यासारखं काही उरलेलं नाही. पिन फक्त त्या फोनपुरता असतो, त्याने तुमचा मेल उघडत नाही. अट एकच. तोच पिन नव्या फोनला, एटीएम कार्डाला किंवा आणखी कुठे वापरत असाल तर आधी तिकडचा बदला, मगच सांगा.

निळाई:

पाऊलवाट, तुमची घालमेल समजते. माझ्या बहिणीने अशाच प्रसंगात पासवर्ड सांगून टाकला होता. समोरच्याने गैरफायदा घेतला नाही. पण फोन सुरू झाल्यावर तिचे सगळे फोटो आणि कॉन्टॅक्ट आपोआप त्याच्या हातातल्या फोनवर उतरायला लागले. ते थांबवताना दोघांनाही फार संकोच वाटला. तेव्हा चांगल्या माणसालाही नको, याला माझं पूर्ण अनुमोदन.

ओंजळ:

आयफोनचं थोडं वेगळं आहे आणि एका बाबतीत सोपंही आहे, म्हणून लिहितो.

मी वापरलेला आयफोन घेतला होता. चालू केला तर मालकाला लॉक केलेला आहे असा निरोप, आणि ज्या खात्याशी जोडलेला त्याचा अर्धवट झाकलेला ईमेल. याला अ‍ॅक्टिव्हेशन लॉक म्हणतात. २०१३ मध्ये आयओएस ७ सोबत आलं. 'फाइंड माय' ही हरवलेला फोन शोधायची सोय चालू केली की हे लॉक आपोआप लागतं. अँड्रॉइडच्या कुलपात आणि यात मोठा फरक असा की याची नोंद अ‍ॅपलच्या सर्व्हरवर असते. त्यामुळे विकणारा जगात कुठेही असला तरी आयक्लाउडच्या साइटवर जाऊन फोन मोकळा करू शकतो. आमच्या बाबतीत तसंच झालं. फोनवर बोलता बोलता त्यांनी ते पाच मिनिटांत केलं.

फक्त क्रम सांभाळायचा. साइटवर 'फाइंड डिव्हाइसेस'मध्ये तो फोन निवडून आधी इरेज करायचा आणि पुसून झाला की मग खात्यातून काढायचा. न पुसता खात्यातून काढलात तर दुरून पुसण्याची सोयही हातची जाते.

फोन हातात असेल तर हे काहीच करावं लागत नाही. सेटिंग, जनरल, मग अगदी खाली 'ट्रान्सफर ऑर रीसेट आयफोन', त्यात 'इरेज ऑल कंटेंट अँड सेटिंग्ज'. ते करताना तो अ‍ॅपल खात्याचा पासवर्ड मागतो आणि लॉक स्वतःच काढतो. अ‍ॅपल वॉच जोडलेलं असेल तर ते आधी अनपेअर करा. घड्याळालाही स्वतःचं अ‍ॅक्टिव्हेशन लॉक असतं, ते अनपेअर केल्याने सुटतं.

आता जे सांगणार आहे ते कृपया लक्षपूर्वक वाचा. माझ्या भावाने फोन विकण्याआधी 'स्वच्छ' करायचा म्हणून दोन तास बसून एकेक करत फोटो उडवले, कॉन्टॅक्ट उडवले, नोट्स उडवल्या. खातं मात्र फोनवर चालूच होतं. आयक्लाउडला वाटलं, मालकाला हे फोटो नको आहेत. ते टॅबवरून गेले, नव्या फोनवरून गेले, सगळीकडून गेले. त्यात त्याच्या मुलीचे जन्मापासूनचे फोटो होते. नशिबाने डिलीट केलेले फोटो ३० दिवस 'रिसेंटली डिलीटेड'मध्ये राहतात आणि आमच्या ते नवव्या दिवशी लक्षात आलं. महिना उलटला असता तर काही उपाय नव्हता.

खातं चालू असताना हाताने काहीही डिलीट करू नका. आधी खात्यातून बाहेर पडा, मग पुसा. हे अँड्रॉइडवरच्या गुगल फोटोजनाही तितकंच लागू आहे.

टिंब:

मला एक कळत नाही. कंदील यांच्या म्हणण्यानुसार सेटिंगमधून रीसेट केलं की खूण आपोआप निघते. मग 'आधी खातं काढा, मग रीसेट करा' असं जो तो का सांगतो? दोनदा तेच काम कशाला? मी आजवर तीन फोन थेट सेटिंगमधून रीसेट करून दिले, एकदाही अडचण आली नाही.

कंदील:

टिंब, तुमचं म्हणणं तांत्रिकदृष्ट्या बरोबर आहे. तरीही मी आधी खातं काढायला सांगतो, कारण फोनवर फक्त गुगलचंच खातं असतं असं नाही. सॅमसंगच्या फोनवर सॅमसंगचं वेगळं खातं असतं, शाओमीच्या फोनवर त्यांचं वेगळं. या कंपन्यांची फोन शोधण्याची सोय आणि तिच्याशी जोडलेलं कुलूप गुगलपेक्षा निराळं आहे. माणूस गुगलच्या नादात ते विसरतो. खाती काढायला म्हणून 'पासवर्ड आणि खाती' या पानावर गेलं की सगळी एका जागी दिसतात. त्यात कधी ऑफिसचं सापडतं, कधी मुलाने खेळासाठी घातलेलं.

दुसरं असं की खातं काढायला गेलात की कुठल्या खात्यात काय साठवलंय हे तुम्ही एकदा तरी बघता. थेट रीसेट करणारा ते बघत नाही.

आणि अँड्रॉइड १५ पासून हे कुलूप आणखी कडक झालंय. पूर्वी डेव्हलपर सेटिंगमधलं 'ओईएम अनलॉकिंग', म्हणजे फोनची मूळ प्रणाली बदलू देणारी सोय, चालू ठेवून किंवा फोन सुरू करतानाच्या पायऱ्या चुकवून काही जण यातून निसटायचे. आता तसं केलं तरी मालकाची ओळख पटेपर्यंत नवं खातं घालता येत नाही, पिन लावता येत नाही, अ‍ॅपही घेता येत नाही. त्यामुळे पुढे बघून घेऊ म्हणण्याची सोय उरलेली नाही.

टिंब:

सॅमसंगच्या खात्याचा मुद्दा पटला. माझे तिन्ही फोन त्या कंपन्यांचे नव्हते म्हणून निभावलं असावं.

जुनी_वही:

या धाग्यावर सगळे कुलपाबद्दल बोलताहेत. माझं नुकसान उलट बाजूने झालं. मी खातं अगदी रीतसर काढलं, सेटिंगमधून रीसेट केलं, फोन दिला, घेणारा खूश. दुसऱ्या दिवशी कामाच्या मेलमध्ये शिरायला गेले तर त्याने सहा आकडी कोड मागितला. तो कोड देणारं अ‍ॅप जुन्या फोनवर. जुना फोन रिकामा, आणि दुसऱ्याच्या खिशात.

त्या अ‍ॅपमध्ये एकूण सात ठिकाणचे कोड होते. सातही जागी 'मी मीच आहे' हे पटवून देण्यात माझे तीन आठवडे गेले. एक खातं कायमचं गेलं. त्यात माझ्या कवितांची दोन वर्षांची वही होती.

तेव्हा कोड देणारं अ‍ॅप नव्या फोनवर आधी हलवा. बहुतेक अ‍ॅपमध्ये एक्स्पोर्टची सोय असते, जुना फोन क्यूआर कोड दाखवतो आणि नवा तो टिपतो. हलवून झाल्यावर नव्या फोनवरचा कोड वापरून प्रत्येक ठिकाणी एकदा प्रत्यक्ष लॉगिन करून बघा. अ‍ॅपमध्ये नाव दिसतंय एवढ्यावर विसंबू नका. गुगल खात्याला आठ आकडी दहा बॅकअप कोड मिळतात. ते कागदावर उतरवून फोनपासून वेगळे ठेवा. व्हॉट्सअ‍ॅपचं संभाषणही आधी नव्या फोनवर आणून, उघडून, वर सरकवत जुने मेसेज खरंच आलेत का ते पाहा.

मी आता एक नियम पाळते. नवा फोन घेतला की जुना आठ-दहा दिवस तसाच टेबलावर ठेवते. त्या काळात ज्या ज्या गोष्टीसाठी जुन्याला हात लावावा लागतो ती लिहून ठेवते. सलग चार दिवस हात लागला नाही, की मगच पुसायला घेते.

निळाई:

जुनी_वही, कवितांचं वाचून वाईट वाटलं. नियम फार उपयोगी आहे, वाचनखूण साठवली.

रानपाखरू:

खातं काढलं, रीसेट केलं, तरी पुसलेले फोटो कोणी परत मिळवू शकतं का? मला हीच भीती जास्त आहे. काही जण सांगतात, रीसेट करून फोन व्हिडिओंनी गच्च भरायचा, परत रीसेट करायचा, असं तीनदा.

कंदील:

ही भीती निराधार नाही, फक्त ती एका काळातली आहे. २०१४ मध्ये अवास्ट या सुरक्षा कंपनीने वापरलेले २० अँड्रॉइड फोन विकत घेतले. मालकांनी ते पुसून विकले होते. त्यांतून ४०,००० हून अधिक फोटो परत निघाले. पुढच्या वर्षी केंब्रिज विद्यापीठातल्या संशोधकांनी पाच कंपन्यांचे २१ फोन तपासले. ते अँड्रॉइड २.३ ते ४.३ वर चालणारे होते. रीसेट केलेल्या फोनांपैकी ८० टक्के फोनांतून गुगल खात्यात शिरता येईल असा ऐवज त्यांच्या हाती लागला. म्हणजे पासवर्ड न देताही खातं उघडं.

त्या काळी रीसेट म्हणजे पुस्तकाची फक्त अनुक्रमणिका फाडणं होतं, पानं जागच्या जागी राहायची. आता पानंच कुलूपबंद लिपीत लिहिलेली असतात. अँड्रॉइड ६ पासून, ज्यांची क्षमता आहे अशा नव्या फोनवर एन्क्रिप्शन सक्तीचं झालं, आणि अँड्रॉइड १० पासून सगळ्याच नव्या फोनवर. आयफोनमध्ये ते २००९ च्या थ्री-जीएसपासून आहे. रीसेट करताना फोन ती लिपी उलगडणारी किल्ली नष्ट करतो. पानं उरली तरी ती कोणाला वाचता येत नाहीत. त्यामुळे आजच्या फोनवर व्हिडिओ भरत बसण्याची गरज नाही.

फारच जुना फोन असेल तर आधी सेटिंगमधून एन्क्रिप्शन चालू करा, ते पूर्ण होऊ द्या, मग रीसेट करा.

मेमरी कार्ड मात्र काढून घ्या. रीसेट बहुतेक वेळा त्याला हात लावत नाही. आणि ते कार्ड त्या फोननेच एन्क्रिप्ट केलं असेल तर रीसेटच्या आधी डिक्रिप्ट करायला विसरू नका, नाहीतर तुमचंच कार्ड तुम्हाला वाचता येणार नाही. ई-सिमचंही, म्हणजे फोनच्या आतच असलेल्या सिमचंही, असंच. रीसेट करताना ते ठेवायचं की पुसायचं असं वेगळं विचारतात. पुसण्याआधी ते नव्या फोनवर गेलंय याची खात्री करा.

अवखळ_वारा:

स्क्रीन फुटलेला फोन असेल तर? दिसतं सगळं, पण टच चालत नाही.

कंदील:

ओटीजी जोडणी, म्हणजे फोनला यूएसबी वस्तू लावायची छोटी वायर, लावून साधा यूएसबी माउस जोडून बघा. बऱ्याच अँड्रॉइड फोनवर पडद्यावर बाण येतो आणि पिनपासून रीसेटपर्यंत सगळं माउसने करता येतं.

दुसरा मार्ग म्हणजे गुगलच्या 'फाइंड हब'वरून दुरून पुसणं, ज्याचं नाव २०२५ पर्यंत 'फाइंड माय डिव्हाइस' होतं. त्याने डेटा जातो, पण एफआरपीचं कुलूप तसंच राहतं. फोन सुरू करताना तुमचं खातं मागणारच. सुट्या भागांसाठी देणार असाल तर हे चालेल, वापरायला देणार असाल तर नाही.

रस्ता_नवा:

ऑफिसने दिलेला फोन नोकरी सोडताना मलाच ठेवायला दिला. मी तो रीसेट केला तर सुरू होताना परत कंपनीचंच नाव येतं.

कंदील:

तो कंपनीच्या व्यवस्थापनात नोंदलेला आहे. तुमच्या बाजूने कितीही वेळा पुसला तरी नोंद तशीच राहणार. ज्यांच्याकडे ते काम आहे त्यांनाच तो नोंदीतून मोकळा करायला सांगा, आणि तसं लेखी घ्या. त्याआधी विकू नका.

सांजवेळ:

लिहू की नको असं वाटत होतं. बाबा जाऊन पाच महिने झाले. त्यांचा आयफोन आहे. पासकोड माहीत नाही, खात्याचा पासवर्डही नाही. विकायचा असं नाही, पण माझा भाचा तो वापरेल. फोन चार्जिंगला लावला की पडद्यावर बाबांनी काढलेला अंगणातल्या झाडाचा फोटो येतो. आत काय आहे ते हवंय, आणि फोनही वाया जायला नको. यावर काही करता येतं का?

ओंजळ:

सांजवेळ, बाबांचं ऐकून वाईट वाटलं.

घाईने काहीही पुसू नका, ही पहिली विनंती. आधी आतलं मिळवायचं, फोनचा विचार नंतर. अ‍ॅपलने २०२१ च्या डिसेंबरमध्ये आयओएस १५.२ मध्ये 'लेगसी कॉन्टॅक्ट' आणलं. बाबांनी हयातीत कोणाला नेमलं असेल तर त्या व्यक्तीकडे एक अ‍ॅक्सेस की असते. क्वचित ती कागदावर छापून कागदपत्रांत ठेवलेली असते, घरात शोधून पाहा. ती की आणि मृत्यूचा दाखला दिला की आयक्लाउडमधले फोटो, नोट्स, बॅकअप मिळतो, आणि त्या खात्याच्या उपकरणांवरचं अ‍ॅक्टिव्हेशन लॉकही काढलं जातं. साठवलेले पासवर्ड मात्र मिळत नाहीत.

कोणालाच नेमलेलं नसेल तर वारसाहक्काच्या कायदेशीर कागदांसह अ‍ॅपलकडे अर्ज करावा लागतो. वेळ लागतो. फोन खरेदी केल्याची पावती सापडली तर जपून ठेवा, लॉक काढण्याच्या अर्जाला तीच मुख्य आधार ठरते. पण पासकोड कोणालाच माहीत नसेल तर फोन वापरात आणण्यासाठी तो पुसावाच लागतो, आणि जे फक्त फोनवर होतं, आयक्लाउडवर गेलं नव्हतं, ते परत येत नाही. म्हणून आधी आयक्लाउडमध्ये काय आहे ते हाती येऊ द्या.

सांजवेळ:

कागदांत बघते. त्यांची एक निळी फाइल आहे, अजून उघडली नव्हती. धन्यवाद.

कंदील:

सांजवेळ, ती फाइल सवडीने उघडा, घाई करू नका.

बाकीच्यांसाठी लिहून ठेवतो. गुगलवर हीच सोय २०१३ पासून 'इनअ‍ॅक्टिव्ह अकाउंट मॅनेजर' नावाने आहे. खातं ३, ६, १२ किंवा १८ महिने वापरलं गेलं नाही तर कोणाला कळवायचं आणि काय सोपवायचं, ते आपणच ठरवून ठेवतो. जास्तीत जास्त दहा माणसं नेमता येतात. घरातल्या मोठ्यांसोबत बसून हे आजच करून ठेवा. मी माझ्या आईचं केलंय, पंधरा मिनिटं लागली.

पाऊलवाट:

मंडळी, फोन सुटला!

कंदील यांनी सांगितलं तसं त्यांना पडदा नीट वाचायला सांगितलं. खाली बारीक अक्षरात 'पिन वापरा' होतं, आमच्या दोघांच्याही नजरेतून सुटलं होतं. माझा पिन नव्या फोनलाही तोच होता. आधी तो बदलला, मग सांगितला. दोन मिनिटांत फोन पुढे सरकला, त्यांनी स्वतःचं खातं घातलं. नंतर पडद्याचा फोटो पाठवला, त्यात त्यांच्या लेकीचा हसरा चेहरा होता. दोन दिवसांनी जेवण गोड लागलं.

काल आयफोनही दिला. एक अनुभव नोंदवते, कोणाच्या तरी उपयोगी पडेल. घेणारे बाहेर भेटायचं म्हणाले, मीही विचार केला की समोरच साइन आउट करून देऊ, म्हणजे त्यांनाही विश्वास वाटेल. तिथे बसून साइन आउट करायला गेले तर फोन म्हणाला, एक तास थांबा. फेस आयडी दिला तरी तेच. घरी आल्यावर शोधलं तर कळलं, आयओएस १७.३ पासून 'स्टोलन डिव्हाइस प्रोटेक्शन' आहे. ते चालू असेल तर घर किंवा कामाची जागा अशा ओळखीच्या ठिकाणापासून दूर असताना खात्यातून बाहेर पडायला एक तासाची वाट पाहावी लागते, आणि तासाने परत चेहरा दाखवावा लागतो. आम्ही दोघं तासभर बोलत बसलो. ज्यांना घाई असेल त्यांनी घरूनच सगळं आटोपून निघा.

आता राहिला आईचा फोन. 'पासवर्ड आणि खाती' उघडलं तर दोन गुगल खाती निघाली. एक तिचं. दुसरं सहा वर्षांपूर्वी ज्याने फोन सुरू करून दिला त्याने त्या दिवशी उघडलेलं, भलत्याच नावाचं. त्याचा पासवर्ड आमच्यापैकी कोणालाच माहीत नाही. हे खातं फोनवरून काढता येईल का? तोही पासवर्ड मागेल?

कंदील:

सुटला हे वाचून फार आनंद झाला.

आईच्या फोनचं: फोन उघडा असेल आणि त्याचा पिन माहीत असेल तर गुगल खातं काढायला गुगलचा पासवर्ड लागत नाही, फार तर फोनचा पिन विचारेल. आयफोनला मात्र खात्याचा पासवर्ड लागतोच. म्हणून तुमचं काम सोपं आहे. पण थांबा. पासवर्ड नसलेलं खातं एकदा काढलं की त्यात परत शिरता येणार नाही. काढायच्या आधी कॉन्टॅक्टचं अ‍ॅप उघडून नंबर कुठल्या खात्यात साठवलेत ते बघा. फोटोंचा बॅकअपही कुठे जातोय ते बघा.

पाऊलवाट:

बघितलं. बरं झालं सांगितलंत. आईचे ११२ नंबर त्याच भलत्या खात्यात आहेत. तिच्या स्वतःच्या खात्यात फक्त चार. मावशीचा, डॉक्टरांचा, तिच्या शाळेतल्या मैत्रिणींचा, सगळे तिकडेच. एक्स्पोर्ट करून फाइल केली, ती तिच्या नव्या फोनवर नेली, आणि आई आता एकेक नाव वाचून बघते आहे की कोणी राहिलं तर नाही ना. फोटो तिच्याच खात्यात जात होते, ते ठीक आहे.

तिचं वाचून होईपर्यंत खातं काढत नाही. 'क' पर्यंत आलीये.